वाहनापुढे चालणारा माणूस : आरंभकालीन प्रवासपट, मोटारगाडी आणि दृष्टिबिंदूचा प्रश्न

सार्वजनिक रस्त्यावर यंत्रशक्तीने चालणाऱ्या वाहनांवर इंग्लंडमधील १८६५ च्या लोकोमोटिव्ह कायद्याने ज्या अटी घातल्या, त्यांपैकी दोन चित्रपटाच्या अभ्यासकाने ध्यानात ठेवण्याजोग्या आहेत. गावाबाहेर ताशी ४ मैल आणि गावात २ मैल यांहून अधिक वेग असू नये, ही एक. वाहनाच्या निदान ६० यार्ड पुढे तांबडे निशाण हाती घेतलेला एक माणूस पायी चालत असावा, ही दुसरी. १८७८ च्या दुरुस्तीने निशाणाची सक्ती गेली आणि अंतर २० यार्डांवर आले. माणूस मात्र राहिला. वाफेच्या अवजड यंत्रांना डोळ्यांपुढे ठेवून केलेल्या या कायद्याच्या कक्षेत पुढे पहिल्या मोटारगाड्याही आल्या. १८९६ च्या कायद्याने हलक्या वाहनांना यातून मोकळे केले, वेगाची मर्यादा ताशी १४ मैलांवर नेली (प्रत्यक्षात ती १२ ठरवण्यात आली) आणि वाहनापुढे चालणाऱ्या माणसाला रजा दिली. हा कायदा अमलात आला त्या दिवशी, १४ नोव्हेंबर १८९६ रोजी, मोटारधारकांनी लंडनहून ब्रायटनकडे प्रयाण केले. निघण्यापूर्वीच्या न्याहारीच्या प्रसंगी अर्ल ऑफ विंचिल्सी यांनी एक तांबडे निशाण समारंभपूर्वक फाडले. निशाणाची सक्ती अठरा वर्षांपूर्वीच संपली होती, ही गोष्ट त्या उत्साहात बाजूला पडली. किंवा असे म्हणता येईल की फाडायचे होते ते निशाण नव्हतेच, ते धरणारा माणूस होता.

हेच वर्ष इंग्लंडमध्ये चित्रपटाच्या आगमनाचेही आहे. २० फेब्रुवारी १८९६ रोजी लंडनच्या रीजंट स्ट्रीटवरील पॉलिटेक्निकमध्ये ल्युमिएर बंधूंच्या चित्रफिती दाखवल्या गेल्या. त्याच दिवशी रॉबर्ट पॉल या यंत्रकाराने आपले स्वतंत्र यंत्र फिन्सबरी येथे चालवून दाखवले. मुंबईत वॉटसन हॉटेलमध्ये ७ जुलै १८९६ रोजी ल्युमिएर यांचाच कार्यक्रम झाला आणि त्यात ‘आगगाडीचे आगमन’ होते. चित्रपट आणि मोटारगाडी एकाच सुमारास आल्या, दोन्ही गतीची यंत्रे, म्हणून दोन्ही ‘आधुनिकतेची अपत्ये’, असे विधान आता इतके रूढ झाले आहे की त्याने काहीच उलगडत नाही. गती ही अमूर्त संज्ञा आहे. गती कोणत्या वाटेवरून, कोणाच्या मालकीच्या वाटेवरून, आणि वाटेत कोण असताना, हे प्रश्न विचारले की आगगाडी आणि मोटारगाडी एका गटात बसत नाहीत. आणि त्या दोहोंवरून घेतलेली चित्रेही एका जातीची राहत नाहीत. आरंभकालीन प्रवासपटांचा इतिहास बहुधा कथापटाकडे जाणारी एक पायरी म्हणून लिहिला गेला. चार्ल्स मसर यांनी १९८४ मधील आपल्या निबंधात १९०३-०४ च्या सुमारास प्रवासपट कथात्म होत गेल्याचे दाखवले, आणि ते मूल्यवान आहेच. परंतु त्या वाटचालीत ‘दृष्टिबिंदू’ हे जणू आपोआप सापडलेले एक तंत्र ठरते. तो रस्त्यावरील हक्काच्या तंट्यातूनही घडला, याकडे दुर्लक्ष होते.

आरंभी कॅमेरा स्थिर होता. वाहने त्याच्यापुढून जात. १८९६ च्या हेमंतात ल्युमिएर यांचे प्रतिनिधी अलेक्सांद्र प्रोमिओ व्हेनिसमध्ये होते. गोंडोल्यातून जाताना काठावरची घरे सरकताना पाहून त्यांना कॅमेराच नावेत ठेवण्याची कल्पना सुचली. ग्रँड कॅनॉलचे ते दृश्य प्रवासपटाच्या इतिहासात आरंभबिंदू म्हणून नोंदले जाते. तथापि प्रस्तुत संदर्भात त्याहून महत्त्वाची चित्रफीत १८९७ ची आहे : जेरुसलेमहून निघालेल्या आगगाडीच्या मागील बाजूने घेतलेले स्थानकाचे दृश्य. गाडी पुढे जाते, कॅमेरा मागे पाहतो. फलाटावर नाना वेशांतील माणसे उभी आहेत. कोणी टोपी काढून निरोप देतो, कोणी नुसताच पाहत राहतो, आणि सर्वजण हळूहळू लहान होत जातात. येथे पाहणारा आणि पाहिला जाणारा यांच्यात देवघेव आहे. जाणाऱ्याला निरोप दिला जातो. म्हणजे जाणारा कोणीतरी आहे, हे दृश्यच मान्य करते.

कॅमेरा इंजिनाच्या तोंडाशी गेला तेव्हा ही देवघेव संपली. अमेरिकन म्युटोस्कोप कंपनीने १८९७ मध्ये हडसन नदीकाठच्या हॅव्हरस्ट्रॉ बोगद्यातून जाणाऱ्या गाडीच्या अग्रभागावरून चित्रण केले आणि त्याच्या लोकप्रियतेने एक प्रकारच रूढ झाला. त्याला ‘फँटम राइड’ असे नाव पडले. भूत कोणते, तर दृश्य पुढे सरकते पण सरकवणारे इंजिन चौकटीत दिसत नाही. रूळ पडद्याच्या तळातून येतात, दूर एका बिंदूत मिळतात, आणि तो बिंदू सतत मागे हटत राहतो. चौकटीत माणूस अभावानेच असतो. असला तरी तो रुळांच्या कडेला असतो, कारण रुळांवर येण्याचा त्याला हक्कच नसतो.

या दृश्याला पुष्कळदा ‘प्रवाशाची दृष्टी’ म्हटले जाते. ते बरोबर नाही. वोल्फगांग शिव्हेलबुश यांच्या रेल्वेप्रवासाच्या इतिहासाने (१९७७) दाखवून दिले आहे की आगगाडीच्या प्रवाशाला मिळाली ती बाजूच्या खिडकीतली दृष्टी. जवळची झुडपे धूसर होऊन पळतात, दूरचा देखावा संथ फिरतो, आणि प्रवासी ज्या भूमीतून जातो तिच्यापासून तुटतो. समोरची वाट प्रवाशाला दिसतच नाही. ती दिसते इंजिनचालकाला आणि कोळसा टाकणाऱ्याला, आणि त्यांना ती देखावा म्हणून दिसत नाही. त्यांच्यासाठी ती निशाणे, सिग्नल, सांधे आणि अडथळे यांची सलग वाचावयाची संहिता असते. फँटम राइडने कष्टकऱ्याच्या जागेवरची दृष्टी घेतली, त्याच्यावरची जबाबदारी काढून टाकली, त्यालाही काढून टाकले, आणि उरलेले रिकामे स्थान तिकीट काढणाऱ्याला दिले. जेरार जेनेत यांनी १९७२ मध्ये ‘कोण पाहते’ आणि ‘कोण बोलते’ हे दोन प्रश्न वेगळे करण्याची जी शिस्त कथनमीमांसेला लावली, ती येथे लावू गेल्यास पहिल्या प्रश्नालाच उत्तर मिळत नाही. पाहणे आहे, पाहणारा नाही. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर सभागृहात मिळे. पडद्याशेजारी उभा राहून बोलणारा व्याख्याता, अमेरिकेत बर्टन होम्स यांच्यासारखा नामांकित वा गावोगावच्या सभागृहांतला अनामिक, स्थळे सांगे, विनोद करे, दृश्यांना क्रम देई.

आणि तो सांगेल ते स्थळ, अशी स्थिती होती. लंडनच्या वॉरविक ट्रेडिंग कंपनीची १८९९ ची एक चित्रफीत ‘गंगेवरून कलकत्त्याचा देखावा’ अशा नावाने विकली गेली. नावेतून घेतलेल्या त्या दृश्यात घाट आहेत, पायऱ्यांवरील गर्दी आहे, देवळे आहेत. आणि ते घाट काशीचे आहेत. चूक अजाणता झाली की सोयीसाठी, याला येथे फारसे महत्त्व नाही. पाहणाऱ्याला जेथे पत्ता नाही, तेथे पाहिलेल्या जागेचा पत्ताही बदलता येतो, एवढे त्यावरून दिसते. त्या वेळी या कंपनीची व्यवस्था पाहणारे चार्ल्स अर्बन यांनी १९०३ मध्ये आपली स्वतंत्र कंपनी काढली, तिचे ब्रीदच ‘आम्ही जग तुमच्यापुढे मांडतो’ असे होते. ‘पुढे’ या शब्दाचा अर्थ १८६५ च्या कायद्यात ‘वाहनापुढे चालणारा’ असा होता; अर्बन यांच्या ब्रीदात तो ‘प्रेक्षकापुढे ठेवलेले’ असा झाला.

या रिकाम्या दृष्टीचा कंटाळाही लवकर आला असावा. ब्रायटनजवळच्या होव्ह येथील जी. ए. स्मिथ यांनी १८९९ मध्ये बोगद्यातल्या चुंबनाचा एक छोटा दृश्यखंड तयार केला. रेल्वेच्या डब्यात एक पुरुष आणि एक स्त्री, अंधाराची संधी साधून घेतलेले चुंबन, आणि पुन्हा सभ्य अंतर. हा खंड सेसिल हेपवर्थ यांच्या इंजिनावरून घेतलेल्या बोगद्याच्या चित्रफितीत मधोमध जोडण्यासाठी होता. संकलनाच्या इतिहासात त्याचे स्थान सर्वमान्य आहे. परंतु येथे काय जोडले गेले, हेही पाहिले पाहिजे. बोगदा म्हणजे फँटम राइडमधील दृश्य संपण्याची जागा, निखळ काळोख. त्या काळोखात स्मिथ यांनी माणसे बसवली. ज्या दृश्याला पाहणारा नव्हता त्याला त्यांनी प्रवासी दिले. पण ते प्रवासी समोर पाहत नाहीत, परस्परांकडे पाहतात. रुळांवरची दृष्टी कोणाचीच नव्हती ती नव्हतीच. कथा तिच्या शेजारी येऊन बसली इतकेच.

रुळांवरून रस्त्यावर येताना मधला टप्पा ट्रामचा आहे. ब्लॅकबर्न येथील एका दुकानाच्या तळघरात १९९४ साली मिचेल आणि केन्यन या व्यावसायिकांच्या आठशेहून अधिक मूळ निगेटिव्ह सापडल्या आणि ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने त्यांचे जतन केल्यावर विसाव्या शतकारंभीच्या चित्रपटाविषयीचे पुष्कळसे ठोकताळे बदलावे लागले. त्यांत ट्रामच्या पुढील भागावरून घेतलेल्या चित्रफिती आहेत. बेलफास्टची १९०१ ची, हॅलिफॅक्सची १९०२ ची. तंत्र फँटम राइडचेच, रूळही आहेत, पण ते रस्त्यात रुतलेले आहेत आणि रस्ता सर्वांचा आहे. हातगाड्या आडव्या जातात. सायकलस्वार ट्रामच्या वाटेतून सावकाश बाजूला होतो. पोरे पुढे धावतात आणि धावता धावता मान वळवून कॅमेऱ्याकडे पाहतात. या चित्रफिती स्थानिक खेळवाल्यांच्या मागणीवरून घेतल्या जात आणि त्याच गावात दाखवल्या जात. लोक त्यांत स्वतःला शोधण्यासाठी येत. साहजिकच पुढे पाहणारी दृष्टी आणि तिच्या वाटेत येणारा माणूस ही एकाच प्रेक्षकाची दोन रूपे होती. संध्याकाळी तो पडद्यावर ज्या ट्रामच्या नजरेने रस्ता पाहत असे, तिच्याच वाटेतून दुपारी तो बाजूला झाला होता. प्रवासपटाच्या इतिहासात इतकी समतोल अवस्था पुन्हा आली नाही.

मोटारगाडीची गोष्ट निराळी. तिला रूळ नाहीत, म्हणून ती कोठे वळेल हे तिच्या पुढच्या माणसाला कळत नाही. तिला घोडा नाही. हा फरक वरवर क्षुल्लक वाटतो, पण घोड्याला स्वतःचे डोळे असतात आणि माणसाच्या अंगावर जाण्याची त्याला नैसर्गिक नाखुशी असते. मोटारगाडीत पाहण्याचे काम सर्वस्वी चालकावर येते. आणि आरंभीचा चालक हा बहुधा गाडीचा धनी वा त्याचा पगारी माणूस. समोर पाहण्याची जागा आता सुखवस्तू वर्गाच्या मालकीची झाली, शेजारी बसून का होईना. आगगाडीने प्रवाशाला बाजूला पाहायला लावले होते, मोटारीने त्याला समोर पाहायला लावले. म्हणजे फँटम राइडने पडद्यावर जे विकले, ते मोटारगाडीने प्रत्यक्ष रस्त्यावर काही थोड्यांना मिळवून दिले. फक्त या वेळी वाट रिकामी नव्हती.

१७ ऑगस्ट १८९६ रोजी लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आवारात ब्रिजेट ड्रिस्कॉल ही ४४ वर्षांची स्त्री, आपल्या किशोरवयीन मुलीबरोबर जात असताना, प्रदर्शनासाठी फिरवल्या जाणाऱ्या मोटारगाडीखाली सापडून मरण पावली. ब्रिटनमध्ये मोटारगाडीच्या धक्क्याने झालेला हा पादचाऱ्याचा पहिला मृत्यू मानला जातो. चौकशीत दोन गोष्टी पुढे आल्या. गाडी पाहून ती स्त्री गोंधळून थबकली. आणि गाडीच्या वेगाविषयी साक्षींचा मेळ बसेना. चालकाच्या म्हणण्याप्रमाणे वेग ताशी ४ मैल होता, तर पाहणाऱ्यांपैकी काहींना तो बेफाम वाटला. निर्णय अपघाती मृत्यूचा झाला. साक्षींतील ही तफावत केवळ खरेखोटेपणाची म्हणून सोडून देण्यासारखी नाही. गाडीत बसून मोजलेला वेग आणि गाडीपुढे उभे राहून अनुभवलेला वेग यांना समान परिमाण अजून सापडलेले नव्हते. दृष्टिबिंदू ही साहित्यशास्त्रातील संज्ञा होण्यापूर्वी अशा चौकश्यांच्या खोल्यांत तिचा कस लागत होता.

चार वर्षांनी, १९०० मध्ये, सेसिल हेपवर्थ यांनी ‘गाडीखाली सापडल्यावर कसे वाटते’ अशा अर्थाच्या शीर्षकाची चित्रफीत केली. हेपवर्थ हे चलच्चित्रणावरील पहिल्या पाठ्यपुस्तकांपैकी एकाचे (१८९७) लेखक, तंत्रात मुरलेले, टेम्स नदीकाठच्या वॉल्टन येथे आपला कारखाना चालवणारे गृहस्थ. चित्रफीत मिनिटभराचीही नाही, सलग एका दृश्यखंडाची आहे. गावाकडचा रस्ता, कॅमेरा रस्त्यात, माणसाच्या उंचीवर, स्थिर. प्रथम एक घोडागाडी येते आणि बाजूने निघून जाते, मागे धुरळा उडवीत. त्यानंतर दुरून मोटारगाडी येते. ती जवळ येते, वाट सोडते, बसलेले लोक हातवारे करून ‘बाजूला व्हा’ असे सुचवतात, गाडी चौकट भरून टाकते, आणि पडदा काळा होतो. काळ्यावर प्रश्नचिन्हे आणि उद्गारचिन्हे चमकतात, आणि मग फिल्मवर हाताने ओरखडलेले काही शब्द, आईला आता आनंद होईल अशा उपरोधिक अर्थाचे. शब्द इतक्या थोड्या चौकटींवर आहेत की नेहमीच्या गतीने दाखवल्यास ते धड वाचताही येत नाहीत.

टॉम गनिंग यांनी १९८६ मध्ये मांडलेल्या ‘आकर्षणांच्या चित्रपटा’च्या संकल्पनेत ही चित्रफीत सहज बसते. प्रेक्षकाला थेट सामोरे जाणारा, कथेऐवजी धक्का देणारा चित्रपट, असे तिचे वर्णन करता येते आणि ते चुकीचे नाही. मात्र ते अपुरे आहे. धक्का हा तिचा परिणाम आहे. तिची रचना मात्र फँटम राइडच्या काटेकोर उलटीवर उभी आहे. फँटम राइडमध्ये कॅमेरा सरकतो आणि समोर कोणी नाही. येथे कॅमेरा थबकलेला आहे आणि समोरून कोणी येत आहे. तेथे सतत मागे हटणारा बिंदू होता, येथे तो बिंदू फुगत जाऊन पाहणाऱ्याला गिळतो. ल्युमिएर यांची आगगाडी पडद्याच्या कडेने तिरकी निघून गेली होती. फलाटावरचा माणूस आणि रुळावरची गाडी यांच्या वाटा वेगळ्या होत्या. हेपवर्थ यांची मोटार सरळ येते, कारण रस्ता एकच आहे. वाहनापुढचा तो माणूस, ज्याला १८९६ च्या कायद्याने रस्त्यावरून रजा दिली होती, तो येथे परत येतो. चौकटीत मात्र नाही; तो प्रेक्षकाच्या खुर्चीवर येऊन बसतो.

घोडागाडीचे आधी निघून जाणे हा या संहितेतील सर्वांत कमी चर्चिलेला आणि सर्वांत नेमका तपशील आहे. तिच्यामुळे नियम कळतो : रस्त्यावर माणूस उभा असेल तर वाहन त्याला वळसा घालते. मोटारगाडी हा नियम मोडते तेव्हा तो मोडला असे कळण्यासाठी तो आधी दिसावा लागतो. शिवाय पाहणारा बाजूला का होत नाही, या प्रश्नाचे उत्तरही तेथेच आहे. नुकतीच एक गाडी सुखरूप गेली आहे. आपण उभे आहोत ती जागा आपली आहे, असा त्याचा समज होण्यास कारण आहे. ड्रिस्कॉल प्रकरणातील थबकण्याची कथा येथे दृश्यरूपाने उलगडते, मग हेपवर्थ यांच्या मनात ते प्रकरण असो वा नसो.

जेनेत यांच्या दोन प्रश्नांकडे येथे पुन्हा वळणे अपरिहार्य आहे. पाहणारा आता निश्चित आहे; त्याचे शरीर आहे, उंची आहे, ते चिरडले जाऊ शकते. आणि पाहणे संपल्यावर, काळ्या पडद्यावर, बोलणे सुरू होते. पडद्यावर शब्द येण्याच्या अगदी आरंभीच्या उदाहरणांपैकी हे एक आहे, आणि ते शब्द बाहेरच्या निवेदकाचे नाहीत, स्थळाचे नाव सांगणारेही नाहीत. ते ज्याचे डोळे मिटले त्याचे आहेत, किंवा तसे वाचल्याखेरीज त्यांचा विनोद लागत नाही. सभागृहातील व्याख्यात्याकडे असलेला आवाज येथे प्रथमच रस्त्यावरच्या माणसाकडे गेला. तोही मेल्यावर, आणि धड न वाचता येण्याजोग्या अक्षरांत.

हेपवर्थ यांना मोटारविरोधक ठरवण्याचे काही कारण नाही. त्याच वर्षीच्या त्यांच्या दुसऱ्या एका चित्रफितीत मोटारगाडीचा स्फोट होतो, बसलेली माणसे अदृश्य होतात, पोलीस शिपाई दुर्बीण लावून आकाशाकडे पाहतो, आणि मग त्यांचे अवयव वरून पडू लागतात. शिपाई ते गोळा करून त्यांची वर्गवारी करतो. येथे विनोद मोटारवाल्यांवर आहे, पण कॅमेरा पुन्हा तटस्थ प्रेक्षकाच्या जागी, कडेला गेला आहे. चिरडणे आणि तुटणे आता पाहण्याची गोष्ट झाली, भोगण्याची राहिली नाही. झॉर्झ मेलिएस यांच्या १९०५ च्या पॅरिस ते मोंटे कार्लो दोन तासांत जाणाऱ्या गाडीच्या प्रहसनात, ज्यात मोटारवेड्या बेल्जियमनरेश दुसऱ्या लिओपोल्डची थट्टा होती, गाडीखाली सापडलेला पोलीस कागदासारखा चपटा होतो आणि त्याच्यात हवा भरण्याचा उद्योग होतो. शरीराचा असा चेंडू झाल्यावर त्याला दृष्टिबिंदू कोठून असणार?

वाहनापुढचा माणूस पोलीस होत जातो, ही गोष्ट केवळ प्रहसनाच्या सोयीची नाही. १९०३ च्या मोटार कायद्याने वेगमर्यादा ताशी २० मैल केली, गाडीला क्रमांक आणि चालकाला परवाना आवश्यक केला. त्यानंतर रस्त्याच्या कडेला वेळ मोजत बसलेल्या शिपायांविरुद्ध मोटारधारकांची कुरकूर हा नित्याचा विषय झाला. पादचारी आणि गाडी यांच्यातील तंटा आता कायदा आणि गाडी यांच्यातील तंटा म्हणून मांडला जाऊ लागला, आणि अशा मांडणीत सहानुभूती कोणाकडे जाते हे सांगावयास नको. रॉबर्ट पॉल यांची, वॉल्टर बूथ दिग्दर्शित, १९०६ ची चित्रफीत या टप्प्यावरची आहे. तिच्या शीर्षकात ‘मोटारवाला’ या शब्दाआधी नुसते एक प्रश्नचिन्ह आहे. एक जोडपे गाडी अडवणाऱ्या शिपायावरून गाडी नेते, इमारतीची भिंत चढते, आकाशात जाते, चंद्राला वळसा घालते, शनीच्या कड्यावरून मोटार फिरवते, तेथून घसरून न्यायालयाचे छप्पर फोडून खाली येते. अधिकारी मागे लागतात तेव्हा मोटार एकाएकी साध्या घोडागाडीचे रूप घेते. ते पाठ वळवतात आणि ती पुन्हा मोटार होऊन पसार होते. प्रश्नचिन्ह १९०० मध्ये चिरडलेल्याच्या काळोखात उमटले होते. सहा वर्षांत ते चालकाच्या नावाआधी लागले. शनीच्या कड्यांवर पादचारी नाहीत. रिकामी, अडथळ्यांविना पुढे धावणारी फँटम राइडची वाट मोटारवाल्याला शेवटी आकाशात सापडली, आणि घोडागाडी, जिने हेपवर्थ यांच्या चित्रफितीत नियम दाखवला होता, ती आता निर्दोषपणाचे सोंग झाली. हे सर्व अतिशय गमतीचे आहे. चित्रपट म्हणून पॉल-बूथ यांची कृती हेपवर्थ यांच्या कृतीपेक्षा कल्पक आहे, हे मान्य करण्यास अडचण नसावी; तिची किंमत काय पडली एवढाच मुद्दा आहे.

याच सुमारास अमेरिकेत रिकामी दृष्टी पुन्हा संघटित झाली. कॅन्सस शहराचे माजी अग्निशमनप्रमुख जॉर्ज हेल यांनी १९०५ पासून आगगाडीच्या डब्याच्या आकाराची प्रेक्षागृहे चालवली. तिकीट तपासायला गणवेशातला माणूस, डबा हलवणारी यंत्रणा, रुळांचा खडखडाट, आणि समोरच्या पडद्यावर इंजिनावरून घेतलेली दृश्ये. १९०६ मध्ये हा खेळ लंडनच्या ऑक्सफर्ड स्ट्रीटवरही आला. आगगाडीत कधीच न दिसणारी समोरची वाट आगगाडीच्या डब्यात बसून पाहणे, ही त्यातील विसंगती कोणाला खटकल्याचे दिसत नाही.

सॅन फ्रान्सिस्कोच्या माइल्स बंधूंनी त्याच वर्षी मार्केट स्ट्रीटवरून फेरी बिल्डिंगकडे जाणाऱ्या केबल कारच्या अग्रभागावरून घेतलेली, सुमारे १३ मिनिटांची चित्रफीत याच जातीची. ती बराच काळ १९०५ ची समजली जाई. चित्रपटाचे इतिहासकार डेव्हिड कीन यांनी रस्त्यावरील पाण्याची डबकी, त्या दिवसांतील हवामानाच्या नोंदी आणि एका मोटारगाडीचा नोंदणीक्रमांक यांच्या आधारे ती १८ एप्रिल १९०६ च्या भूकंपाच्या काही दिवस आधीची असल्याचे दाखवले. निगेटिव्ह भूकंपापूर्वीच शहराबाहेर गेली म्हणून वाचली. माइल्स बंधूंचा स्टुडिओ आगीत गेला. बारकाईने पाहिल्यास असे दिसते की त्याच त्याच मोटारगाड्या केबल कारला वळसा घालून पुन्हा पुन्हा चौकटीत शिरतात. शहर गजबजलेले आणि आधुनिक दिसावे म्हणून केलेली ती व्यवस्था असावी. घोडागाड्यांना, ट्रामना आणि पायी चालणाऱ्यांना मात्र कोणी बोलावलेले नाही. ते रस्ता कोठेही ओलांडतात, रुळांवरून सावकाश चालतात, येणाऱ्या गाडीकडे एकदा पाहून आपल्या वाटेने जातात. वर्तमानपत्रे विकणारी पोरे केबल कारच्या पुढून धावत सुटतात, आणि धावता धावता मान वळवून कॅमेऱ्याकडे पाहतात.